आत जायची पाळी

आमच्या खात्यात जंगलाकडच्या बदलीला सगळेजण 'आत जाणं' म्हणत. सोनगडच्या पलीकडे, डांगाच्या वाटेवर जे छोटे सरकारी दवाखाने होते ते सगळे 'आत', आणि सुरत शहरातलं मोठं हॉस्पिटल म्हणजे 'बाहेर'. "त्या सिस्टरला आत टाकलं", "ती आत्ताच आतून आली", असं आमचं बोलणं चालायचं. नवख्या माणसाला वाटे, या बायका तुरुंगाबद्दल बोलताहेत.

मी नर्स होते. मूळची अमळनेरकडची. धुळ्याला नर्सिंग शिकले आणि लग्न होऊन तापी व्हॅलीच्या पॅसेंजरने सुरतेला आले. यजमान तिथे एका बँकेत कारकून होते. राज्यं वेगळी होऊन तीन-चार वर्षं झाली होती. मला गुजरात सरकारची नोकरी मिळाली तेव्हा माहेरी कुणाला खरं वाटेना. वडील म्हणाले होते, "परक्या राज्यात सरकारी नोकरी? बघ बाई, टिकव म्हणजे झालं."

बदल्यांचा नियम सांगायला सोपा होता. प्रत्येक नर्सने काही वर्षं आतल्या दवाखान्यात काढायची, मग शहरात यायचं, मग दुसरीने जायचं. पण जिच्यासाठी कुणी शब्द टाकणारं होतं ती शहरातच राही, आणि जिचं कुणी नव्हतं ती पुन्हा पुन्हा आत जाई. गुजरातीत याला 'ओळखाण' म्हणतात. आपण वशिला म्हणतो. आमची सुरतेत ओळखाण म्हणजे बँकेतले दोन कारकून आणि नानपुऱ्यातला भाजीवाला.

माझ्या बाबतीत तर साहेबांच्या हातात एक चांगलं कारणही होतं. जंगलातल्या लोकांची बोली माझ्या अहिराणीला बरीच जवळची. गुजराती नर्सला तिथल्या बाईचं बोलणं कळायला महिने लागत, मला पहिल्या आठवड्यात कळलं. त्यामुळे मला पहिल्यांदा आत पाठवलं तेव्हा मी कुरकुर केली नाही. मुलगी तान्ही होती, सासूबाई बरोबर आल्या. दवाखाना म्हणजे दोन खोल्या, कंपाउंडर आणि मी. डॉक्टर आठवड्यातून एकदा जीपने येत. बाळंतपणाला बायका आधी माझ्याकडे यायला बिचकत, मग "ही तर आपल्यासारखीच बोलते" अशी बातमी पाड्यापाड्यांत गेली आणि मला जेवायला फुरसत मिळेना. काम मनापासून केलं, खोटं कशाला सांगू. मुलगी बोलायला लागली तेव्हा मला आई म्हणेना. सगळे हाक मारत तशी 'शिस्टर' म्हणायची. सासूबाई हसून हसून बेजार व्हायच्या.

शहरात परत आले, जेमतेम बस्तान बसलं आणि पुन्हा आत जायची ऑर्डर निघाली. या वेळी मुलगी शाळेत होती, म्हणून तिला सुरतेला ठेवलं आणि मी एकटी गेले. ती वर्षं मी फारशी आठवत नाही. शनिवारी बस चुकली तर पुढच्या शनिवारपर्यंत घर दिसायचं नाही. मुलीच्या वेण्या यजमान घालायचे. वेणी घालायला शिकलेला बँकेतला कारकून म्हणून शेजारणी त्यांचं कौतुक करायच्या. मला त्या कौतुकाने रडू यायचं.

तीही वर्षं संपली. परत आले तेव्हा मनाशी म्हटलं, आता निदान पाच-सहा वर्षं नाही. माझ्यामागे कितीतरी जणी होत्या ज्या एकदाही गेल्या नव्हत्या.

त्या वर्षी दिवाळीनंतर सासूबाई मोरीत घसरल्या आणि त्यांचं खुब्याचं हाड मोडलं. त्या अंथरुणालाच खिळल्या. त्यांना कुशीवर वळवायचं, अंग पुसायचं, पाठीला पावडर लावायची, हे सगळं मी ड्यूटीला जायच्या आधी आणि आल्यावर करायचे. नर्सच्या सासूला पाठीला जखम होऊ द्यायची नाही, असा माझा हट्ट होता. आणि त्याच महिन्यात तिसरी ऑर्डर आली. पुढच्या महिन्याच्या पहिल्या तारखेला आत हजर व्हा.

मी मोठ्या साहेबांकडे गेले. माणूस वाईट नव्हता, पण दमलेला होता. बोलताना समोरच्या माणसाकडे न बघता पंख्याकडे बघायचा.

"साहेब, मी दोनदा जाऊन आलेय."

"माहीत आहे बेन."

"घरी सासू अंथरुणावर आहे."

"प्रत्येकीच्या घरी काहीतरी असतंच."

"मग जी एकदाही गेली नाही तिला पाठवा ना."

तेव्हा त्यांनी माझ्याकडे पाहिलं. "तिथली भाषा तुम्हाला येते. तिथले लोक तुमचं नाव काढतात. दुसऱ्या कुणाला पाठवलं तर तक्रारी येतात. तुम्ही चांगलं काम करता म्हणून तर..."

पुढचं ते बोलले नाहीत, पण मला कळलं. चांगलं काम केल्याचं हे बक्षीस होतं. मला विचारावंसं वाटलं, की साहेब, उधन्याच्या कापडमागांवरून रोज आपल्याच वॉर्डात बायका येतात, खानदेशातल्या, त्या तरी कुठे गुजराती बोलतात? त्यांनाही मीच लागते ना? पण तेवढं धाडस झालं नाही.

घरी यजमान म्हणाले, "सोडून दे नोकरी. माझ्या पगारात भागवू."

"आणि मग?"

"मग काय? घरी राहा. आईलाही बरं."

त्यांनी ते प्रेमानेच म्हटलं. पण मला नोकरी सोडायची नव्हती. मला ते काम येत होतं आणि आवडत होतं. अडलेली बाई सुटली की तिच्या तोंडावर जे येतं, ते बघायची मला सवय लागली होती.  पलंगाखालचा होल्डॉल ओढून बाहेर काढला आणि झटकून ठेवला.

हॉस्पिटलात माझी ऑर्डर सगळ्यांना कळली होती. चहाच्या वेळी नर्सेस एकमेकींत बोलत आणि नजर ऑपरेशन थिएटरकडे वळवत. तिथे एक सुरती बेन होती, माझ्याहून चार-पाच वर्षांनी मोठी, लग्न न केलेली, म्हाताऱ्या आईबरोबर राहणारी. नोकरीला लागल्यापासून ती सुरतेतून हलली नव्हती. तिचा थोरला भाऊ कापडाचा व्यापारी होता आणि पुढाऱ्यांत त्याची ऊठबस होती. सगळ्यांना हे माहीत होतं. मीही तिच्याशी कामापुरतंच बोलायचे, आणि ऑर्डर आल्यापासून तेही बंद केलं होतं.

एका दुपारी ती उकळून काढलेली हत्यारं ट्रेमध्ये लावत होती आणि मी वॉर्डातली एक बाई तिच्याकडे सोपवायला गेले होते. पेशंटला आत घेतल्यावर ती बाहेर आली. ती गुजरातीत बोलायची, मी माझ्या मोडक्या गुजरातीत. इथे मी ते आपल्या भाषेत लिहिते आहे.

"बेन, तुम्ही माझ्याशी बोलत का नाही?"

"तसं काही नाही."

"आहे. काय झालं ते सांगा."

मग मी सांगितलं. आवाज चढवला नाही, पण काही राखूनही ठेवलं नाही. म्हटलं, "मी तिसऱ्यांदा आत चाललेय आणि तुम्ही एकदाही गेला नाहीत. तुमचा भाऊ आहे. मला कुणी नाही. एवढंच."

ती गोंधळली. "माझा भाऊ? त्याचा काय संबंध? थिएटरचं काम दुसरीला जमत नाही म्हणून मला ठेवतात."

मी तिच्याकडे बघत राहिले. तिला खरोखरच तसं वाटत होतं. इतकी वर्षं तिने त्या समजुतीवर थिएटरमध्ये मान वर करून काम केलं होतं, आणि काम ती करायचीही उत्तम. सर्जनने हात पुढे करायच्या आधी तिच्या हातात हत्यार तयार असे. मी तशीच वॉर्डात परत आले.

रविवारी सकाळी ती आमच्या घरी आली. आधी कधी आली नव्हती, पत्ता मेट्रनबाईंकडून घेतला म्हणाली. हातात पोंकाची पुडी होती, ताज्या हिरव्या ज्वारीचे कोवळे दाणे आणि वर लिंबू-मिऱ्याची शेव. सुरतेत थंडीत कुणाकडे रिकाम्या हाताने जात नाहीत. सासूबाईंच्या पलंगाजवळच्या खुर्चीवर ती बसली आणि बराच वेळ त्यांच्याच पायांकडे बघत राहिली.

"मी भावाला विचारलं," ती म्हणाली. "तो हसला. म्हणाला, तुला काय वाटलं, अशीच राहिलीस का शहरात? दर वेळी तुझं नाव निघतं, दर वेळी मी एक फोन करतो."

मी पोंकाची पुडी सोडून ताटलीत ओतली.

"हसत बोलला," ती पुन्हा म्हणाली. "त्याला वाटलं मी खूश होईन."

यजमान चहा करायला आत गेले. मला वाटलं, आता ही माफी मागेल आणि मला "असू दे, असू दे" म्हणावं लागेल. पण तिने माफी मागितली नाही. ती म्हणाली, "हवे मारो वारो." वारो म्हणजे पाळी. आता माझी पाळी.

"अहो, असं कुठे असतं?" मी म्हटलं. "ऑर्डर माझ्या नावाची आहे."

"मग साहेबांकडे जाऊ. दोघी जाऊ."

"तुमची आई?"

"तुमची सासू?" ती म्हणाली.

सासूबाईंना गुजराती फारसं कळत नसे. त्यांनी मला विचारलं, "काय म्हनी ऱ्हायनी ती?" मी सांगितलं. त्यांनी हात लांब करून तिच्या मनगटाला धरलं आणि तशाच धरून राहिल्या. तिलाही ते सोडवून घेववेना. चहा तिने डाव्या हाताने प्यायला.

मला खरं सांगायचं तर विश्वास वाटत नव्हता. रागाच्या भरात आली आहे, दोन दिवसांत निवळेल, असं मी यजमानांना म्हटलं. ते म्हणाले, "निवळू दे की. तू कशाला आडवी येतेस?" पण सोमवारी जेवणाच्या सुट्टीत ती मला शोधत वॉर्डात आली आणि म्हणाली, "साहेबांसमोर जायच्या आधी मला तिथली भाषा थोडी शिकवा. ते पहिलं तेच विचारतील."

दोन-तीन दुपारी आम्ही औषधांच्या खोलीत बसून शिकवणी केली. "कोठे दुखस?" म्हणजे कुठे दुखतं. "कितला दिन व्हयनात?" म्हणजे किती दिवस झाले. तिची सुरती जीभ त्या शब्दांवर अशी काही घसरायची की मला तोंडावर पदर धरावा लागे. तीही हसायची. त्या वेळी प्रथम ती मला आवडली.

साहेबांसमोर आम्ही दोघी उभ्या राहिलो. तिनेच बोलायला सुरुवात केली. या बेनच्या जागी मला पाठवा, मी एकदाही गेलेले नाही.

साहेबांनी पंख्याकडे बघायचं सोडलं. "तुम्हाला? थिएटर कोण बघेल?"

"या बघतील. मी यांना शिकवून जाईन."

"तिथली बोली तुम्हाला येत नाही."

"कोठे दुखस, माय? कितला दिन व्हयनात?" तिने परीक्षेला बसलेल्या मुलीसारखं सांगून टाकलं.

साहेबांना हसू आलं, ते त्यांनी खोकल्यात दडवलं. मग गंभीर झाले. "बेन, तुमची जागा बदलली की मला फोन येतो. तुम्हाला माहीत आहे ना?"

"गेल्या आठवड्यात कळलं," ती म्हणाली. "या वेळी आला तर मला बोलवा. मी बोलेन फोनवर."

साहेब खुर्चीत मागे टेकले. माझ्याकडे बघून म्हणाले, "इतक्या वर्षांत आत जायला मागणारी पहिलीच बघतोय. बरं. बघतो मी."

'बघतो' या शब्दावर सरकारी नोकराने किती भरवसा ठेवायचा ते मला माहीत होतं. मी होल्डॉलमध्ये चादरी भरायला घेतल्या.

फोन आला की नाही ते मला कधी कळलं नाही, पण भाऊ स्वतः आला. संध्याकाळी मी ड्यूटी संपवून निघाले तर फाटकाशी उभा होता, पांढरं स्वच्छ धोतर, हातात छत्री. नीट बोलायचं ठरवून आला असावा, पण त्याला ते जमलं नाही.

"माझ्या बहिणीच्या डोक्यात हे तुम्ही भरवलंत."

"मी विचारलेल्याचं उत्तर दिलं, भाई."

"तुम्हा लोकांचं राज्य वेगळं झालं. तिकडे जायचं होतं. इथल्या मुलींना जंगलात कशाला पाठवता?"

हे मला लागलं. आजही शब्द न् शब्द आठवतो. पण त्याच्याकडे बघताना दिसलं, की तो रागावण्यापेक्षा घाबरलेला जास्त होता. म्हटलं, "भाई, तुम्हाला काळजी कशाची आहे? बहिणीची?"

 मग तो आईबद्दल म्हणाला, "बा एकटी पडेल. रात्री माझा नोकर झोपायला जाईल, पण दिवसा? तिची साखर वाढते, सुई द्यावी लागते. तीच देते. माझ्या बायकोला सुई बघूनच चक्कर येते."

म्हणजे एवढंच होतं. एवढ्यासाठी कितीजणी दोन-दोनदा आत जाऊन आल्या होत्या.

"सुई मी देईन," मी म्हटलं. "तुमचं घर माझ्या वाटेवर आहे. सकाळी जाताना देईन. तुमची बहीण परत येईपर्यंत."

त्याने छत्री या हातातून त्या हातात घेतली.  "घारी खाता का तुम्ही लोक?" असं सुरती मिठाईचं काहीतरी विचारून निघून गेला. मला वाटतं, त्याला माफी मागायची होती.

महिना संपायच्या आधी मेट्रनबाईंनी मला बोलावून कागद हातात दिला. माझी बदली रद्द झाली होती, त्या बेनची झाली होती. मी कागद घडी करून पर्समध्ये ठेवला. ड्यूटी पुरी केली. हॉस्पिटलापासून घरापर्यंत चालत आले, रिक्षा केली नाही. येताना वाटेत एका दुकानात शिरले आणि मुलीला रिबिनी घेतल्या. लाल हव्यात की निळ्या, यावर मी इतका वेळ विचार करत राहिले की दुकानदार म्हणाला, "बेन, दोन्ही घ्या." दोन्ही घेतल्या. घरी आल्यावर सासूबाईंना कुशीवर वळवलं, त्यांना सांगितलं, होल्डॉल सोडून चादरी कपाटात ठेवल्या आणि त्यांच्या पलंगाशेजारी जमिनीवरच आडवी झाले. यजमान बँकेतून आले तेव्हा मी गाढ झोपले होते. त्यांनी उठवलं नाही. मुलीला घेऊन बाहेरून भजी आणली आणि दोघांनी स्वयंपाकघरात बसून, आवाज न करता खाल्ली. महिनाभराची झोप त्या संध्याकाळी मला लागली.

ती बेन गेली. पहिले काही महिने तिला फार जड गेले. तिथे तिने कधी न पाहिलेले विंचू होते, चुलीवर रांधायची तिला सवय नव्हती, आणि मी शिकवलेली अहिराणी तिथल्या बोलीला पुरती जुळत नव्हती. सुट्टीवर आली की आधी आईकडे, मग माझ्याकडे येऊन रडायची. एकदा मी म्हटलं, "परत यायचं का? मी साहेबांशी बोलते." ती डोळे पुसत म्हणाली, "रडले म्हणून काय झालं? रडायचंही नाही का?" पुढे मात्र बरं चाललं. पावसाळ्यात नदी फुगून रस्ता तुटला होता तेव्हा एका बाईचं आडवं मूल तिने एकटीने सोडवलं. डॉक्टरांची जीप तीन दिवसांनी पोचली. सांगताना तिच्या तोंडावर तोच उजेड होता जो मला माहीत होता.

तिच्या आईला मी रोज सुई द्यायचे. म्हातारी फटकळ होती. "तुझ्या हातची सुई जास्त दुखते," असं रोज सांगायची आणि रोज मला खाकरा खायला घालायची.

या सगळ्यातून एक बरी गोष्ट झाली. मेट्रनबाईंनी एकदा सगळ्या नर्सेसना चहाला बोलावलं आणि सांगितलं, की भावाचं वजन असलेली जाऊ शकते, तर बाकीच्यांनाही पाळीने जायला हरकत नाही. तान्ही मुलं असलेल्यांना आणि घरी अंथरुणाला खिळलेलं माणूस असलेल्यांना सोडायचं, बाकीच्यांनी आपापल्या पाळीला जायचं. काहीजणी रुसल्या. एकीने तरीही फोन करवून घेतला आणि शहरात राहिली. पण साहेबांना आता बोलायला तोंड झालं होतं. कुणी चिठ्ठी घेऊन आलं की म्हणत, "थिएटरवाली बेन गेली होती, तुम्ही का नाही?" पुढचे साहेबही तेच म्हणत, असं ऐकलं. नियम सरकारचाच होता, जुनाच. तो पाळायला एक बाई पुढे व्हावी लागली, एवढंच.

सासूबाई दोन वर्षांनी गेल्या, पाठीला एकही जखम न होता. माझी पाळी पुन्हा आली तेव्हा पंचाहत्तर साल उलटून गेलं होतं आणि मुलगी मॅट्रिकच्या जवळ आली होती. ऑर्डर हातात घेतली तेव्हा मी स्वतःकडे नीट लक्ष देऊन पाहिलं, राग येतोय का म्हणून. आला नाही. थोडा कंटाळा आला, थोडी मुलीची काळजी वाटली. माझ्या आधी चौघी जाऊन आल्या होत्या, माझ्यानंतर कोण जाणार तेही मला माहीत होतं. ती येऊन मला विचारून गेली होती, की तिथे रॉकेल मिळतं का, की इथूनच न्यावं.

बस स्टँडवर यजमान आणि ती थिएटरवाली बेन सोडायला आले होते. बस नेहमीसारखी उशिरा सुटणार होती. आम्ही तिघं बाकावर बसून चहा प्यायलो. तिने पिशवीतून नवी चाळणी काढून माझ्या सामानात घातली. म्हणाली, तिथल्या पिठात फार कोंडा असतो.